ए ८७.९ : विषाणू माहीत नाही

माणूस अंथरुणाला खिळतो तेव्हा आजारी पडत नाही. त्याच्या कागदावर आकडा चढतो तेव्हा पडतो. हे तत्त्व साऱ्या जगाने मान्य केलेलं आहे, आणि सान्ता लिब्राडाच्या जिल्हा रुग्णालयात ते मनोभावे पाळणारी एकच बाई होती, पोर्फिरिया आयाला. गाव तिला मानाने न्या पोर्फिरिया म्हणे. धुलाईखोलीला लागून तिचं टेबल. डॉक्टरांनी लिहिलेला आजार वाचायचा (हे निम्म्याहून जास्त काम), जाडजूड पुस्तकात शोधायचा आणि त्याचा आकडा फॉर्मवर घालायचा. शाळा सहावीपर्यंतच झालेली, पण ते पुस्तक तिने प्रार्थनेसारखं पाठ केलं होतं.

आता मेनिंजायटिस घ्या. विषाणूमुळे मेंदूच्या आवरणाला सूज येते. डोकं फुटायला येतं, मान वळत नाही, उजेड सोसत नाही, आणि बहुतेकदा आठ-दहा दिवसांत आपलं आपण ओसरतं. विषाणू नेमका कोणता, हे पाठीच्या कण्यातलं पाणी राजधानीला पाठवल्यावर चाळीस दिवसांनी कळतं (कळलं तर). तोवर रुग्ण घरी जाऊन मका पेरून मोकळा झालेला असतो. पुस्तकाने ही अडचण ओळखून एक आकडा ठेवलाय: ए ८७.९, विषाणू माहीत नाही. पुस्तक लिहिणारे भले लोक असावेत.

पण राजधानीतल्या वर्गीकरण समन्वय कक्षाने परिपत्रक काढलं, की 'माहीत नाही'चं प्रमाण शेकडा पाचाच्या वर गेल्यास संबंधित लिपिकाने आपल्या अज्ञानाचा खुलासा तीन प्रतींत सादर करावा. पोर्फिरियाला अज्ञान मान्य होतं. तीन प्रती नव्हत्या. तिने विचार केला, विषाणू कोणता तरी असणारच, मग कुणावर अन्याय नको. सोमवार-मंगळवारी दाखल होणाऱ्यांना एन्टेरोव्हायरस. बुधवारी अ‍ॅडेनोव्हायरस. गुरुवारी उंदरांपासून होणारा, ए ८७.२ (हा तिचा लाडका, कारण त्याचं नाव दीड ओळ लांब आणि तक्ता भरल्यासारखा दिसे). शुक्रवारी पुन्हा एन्टेरोव्हायरस. शनिवार-रविवारी डॉक्टर नसत, त्यामुळे कुणाला काही होत नसे.

अकरा वर्षं 'माहीत नाही' शून्य टक्के. देशात पहिला नंबर, काचेच्या चौकटीत प्रशस्तिपत्र. राजधानीतल्या तज्ज्ञांनी या आकडेवारीचा सखोल अभ्यास करून निष्कर्ष काढला, की सान्ता लिब्राडातले उंदीर गुरुवारी विशेष कार्यरत असतात. मग मूषक निर्मूलन पथक नेमलं गेलं: चार माणसं, एक जीप. नियमही आला, की ए ८७.२च्या रुग्णाचं घर सील करावं आणि पथकाचा दाखला मिळेपर्यंत त्याला रुग्णालयातून सोडू नये. तो नियम पोर्फिरियाने स्वतःच्या हाताने फाइलला लावला. आपल्या आकड्यांची वरपर्यंत दखल घेतात, याचं तिला कोण कौतुक.

ऑक्टोबरात तिची मुलगी मिर्ता चार वर्षांनी ब्युनोस आयरेसहून येणार होती, नऊ दिवसांच्या सुट्टीवर. तिच्यासाठी चिपाचं, म्हणजे चीज घातलेल्या पावाचं, पीठ मळता मळता पोर्फिरियाची मान ताठली आणि डोक्यात घण पडायला लागले. डॉक्टर बारेइरोंनी कण्यातलं पाणी काढून पाहिलं, "विषाणूचंच आहे, घाबरू नका," म्हणाले आणि खिडकीचा पडदा ओढून गेले. पाठोपाठ तिची मदतनीस निमिया फॉर्म घेऊन आली.

"न्या पोर्फिरिया, तुम्हाला कोणता लावू?"

डोळ्यांवरचा ओला टॉवेल न काढता पोर्फिरियाने विचारलं, "आज वार कोणता?"

"गुरुवार."

"मग मला काय विचारतेस?"

सहाव्या दिवशी डोकं दुखायचं थांबलं. सातव्या दिवशी तिने दोन वाट्या सूप पिऊन तिसरी मागितली. डॉक्टरांच्या मते ती बरी होती; कागदाच्या मते तिच्या घरात उंदीर होते. पथकाकडे चौकशी केली तर जीप नादुरुस्त, सतरा दिवस लागतील. मिर्ता आधीच्या रविवारीच बॅग घेऊन सील केलेल्या दारात उभी राहिली होती आणि शेजारी झोपायला गेली होती. रोज संध्याकाळी अर्धा तास आईला भेटायची परवानगी; पाचव्या संध्याकाळी तिने विचारलंच.

"आई, आपल्या घरात उंदीर झालेत?"

"छे. मांजर काय शोभेला पाळलंय?"

"मग हे कोणी लिहिलं?"

पोर्फिरियाने चादरीची घडी सारखी केली. "मी."

मिर्ताने बोटांवर दिवस मोजले. मग म्हणाली, "माझे चार दिवस उरलेत. बदल तो आकडा."

"दुसरा विषाणू लावायचा तर प्रयोगशाळेचा कागद लागतो. बिनकागदाचं एकच लिहिता येतं."

"काय?"

"माहीत नाही."

"मग लिही की. खरंच तर आहे."

"खरं आहे गं. म्हणून तर हात चालत नाही."

"तिकडे मी परक्या म्हाताऱ्यांची अंथरुणं बदलते," मिर्ता म्हणाली, "आणि इथे माझ्या आईला मी अर्धा तास पाहायची."

पोर्फिरियाने निमियाला हाक मारून पेन मागवलं. अकरा वर्षांचं शून्य ०.३ टक्के झालं. एकदम चढ दिसल्यामुळे तीन प्रती आल्याच. 'अज्ञानाचं कारण' या रकान्यात तिने लिहिलं: मुलगी आली आहे.

घराचं सील निघालं, साडेतीन दिवस मिळाले. पहिल्याच दुपारी शेजारणी जमल्या, तेरेरेचा, म्हणजे पाल्याच्या थंड काढ्याचा, पेला फिरायला लागला. पेला एक, नळी एक, तशीच रीत. कागदावर उंदीर होते तोवर वॉर्डातल्या बायका पोर्फिरियाबरोबर रोज अशाच प्यायल्या होत्या. शेजारच्या न्या एर्मेलिंडाने विचारलं, "मग शेवटी कोणता विषाणू निघाला?"

"माहीत नाही."

पेला तिला वगळून पुढे गेला. "राग मानू नकोस हं," एर्मेलिंडा म्हणाली, "उंदरांचा होता तोवर निदान काय ते ठाऊक होतं."

मिर्ताने पेला मधेच घेतला, स्वतः एक घोट ओढला आणि तीच नळी आईपुढे धरली.

चाळीस दिवसांनी प्रयोगशाळेचा अहवाल आला. त्यात काय होतं? पाहा, तुम्हालाही राहवत नाही. 'नमुना वाटेत तापला, सांगता येत नाही' असं छापलं, तर एवढं वाचून हाती काय लागलं म्हणून तुम्ही चरफडाल, आणि ज्याच्या गोष्टीत विषाणूला नाव असतं अशा लेखकाकडे जाल. तेव्हा तुमच्यासाठी म्हणून लिहून टाकू: एन्टेरोव्हायरस, ए ८७.०.

आता बरं वाटलं?