कुरकुर वाजला तर पास

परसरामभाऊंचे किस्से मी सासुरवाडीत सांगितले, लग्नाच्या पंगतीत सांगितले, नागपूरच्या बसमध्ये शेजारी बसलेल्या अनोळखी माणसालाही सांगितले. लोक पोट धरून हसले. तेच किस्से मी एकदा चुकीच्या वेळी, चुकीच्या माणसापुढे सांगितले आणि एका खऱ्या माणसाला खोटं पाडलं. तेव्हा हसू आलं तर हसा. मीही हसत असे.

साकोलीच्या बाहेर, तलावाकडे पाठ करून आमचा कारखाना उभा आहे. डोंगर चढणाऱ्या, बर्फात हिंडणाऱ्या लोकांसाठी आम्ही जाकिटं शिवतो. शिवणाऱ्या बायांनी बर्फ पाहिला असेल तो रसवंतीतलाच. मी तिथला मॅनेजर. परसरामभाऊ तपासणीला. घराणं मासेमारांचं, अर्धं आयुष्य पाण्यात गेलेलं.

जाकीट गळतं का हे पाहायला आमच्याकडे यंत्र आहे. कापड अडकवायचं, पाण्याचा दाब द्यायचा, काटा बघायचा. परसरामभाऊंचा त्या काट्यावर काडीचा विश्वास नव्हता.

"काटा भिजते का जी कधी?" असं म्हणून ते प्रत्येक गठ्ठ्यातलं एक जाकीट उचलत, आतल्या खिशात मूठभर मुरमुरे टाकत, चेन गळ्यापर्यंत ओढत आणि टोपीसकट तलावात मानेपर्यंत जाऊन बसत. भर मे महिन्यातसुद्धा. एका बाजूला म्हशी, दुसऱ्या बाजूला हे. बाहेर आले की खिशातला मुरमुरा दाताखाली धरायचे आणि डोळे मिटून ऐकायचे. कुरकुर वाजला तर पास. नाही वाजला तर, "नरम हाये. फेल."

ही पद्धत चुकीची होती, हेही सांगायला हवं. त्यांच्याच घामानं मुरमुरे नरम व्हायचे आणि धडधाकट जाकिटं नापास व्हायची. मी समजावून पाहिलं.

"घाम बी पानीच हाये ना, सायेब. पाहुना वरून भिजला का आतून भिजला, त्याले का फरक पडते?"

पाहुणा म्हणजे जाकीट घालणारा. तो दिल्लीचा असो की जर्मनीचा, त्यांच्या लेखी तो पाहुणाच. पास झालेल्या प्रत्येक जाकिटाला ते एक नातंही देत. सगळ्यात मोठ्या मापाचं मामाजीचं. हिरवं भाच्याचं. लाल जावयाचं. "मानूस चांगला हाये, पन सर्दीचा," असं जावयाबद्दल वर सांगत.

शिलाईवरच्या शांताबाई मुद्दाम विचारायच्या, "काय जी भाऊ, जावायाले पोरगं झालं का नाई अजून?"

"होईन वो बाई. पयले त्याले कोरडा तं राहू दे!"

आमच्या प्रत्येक जाकिटाला एक हिरवा टॅग असतो. हे बनवताना पाणी आणि माणसं जपली आहेत, असं त्यावर इंग्रजीत लिहिलेलं. एकदा मी त्याचा अर्थ सांगितला, तेव्हापासून टॅग सरळ लागलाय का हे पाहण्याचं कामही त्यांनी आपणहून अंगावर घेतलं.

आता माझ्याकडे येतो.

कापडावरून पाणी ओघळून जावं म्हणून आम्ही ते एका रसायनात बुडवतो. उरलेलं पाणी टाकीत साफ करूनच बाहेर सोडायचं, असा माल घेणाऱ्या कंपनीचा नियम. त्या टाकीचा पंप बिघडला. मालक म्हणाले, "आधी ऑर्डर जाऊ द्या, मग बघू." मी मागच्या नालीचं तोंड बंद करणारी फळी उचलायला लावली आणि पाणी तलावात जाऊ लागलं. चार दिवसांचा प्रश्न आहे, असं मी मनाशी म्हणत होतो. पावसाळा उलटला तरी म्हणतच होतो.

मग कंपनीच्या तपासनीस मॅडम आल्या. आम्ही फळी खाली टाकली, पंपाला रंग दिला, कोणी काय विचारलं तर काय सांगायचं ते बायांकडून पाठ करून घेतलं. परसरामभाऊंना कोणी काही सांगितलं नाही. त्यांना कोण विचारणार? पण मॅडम फाटकाशी उभ्या असतानाच ते सायकलवरून आले. अंगात लाल जाकीट, मानेपर्यंत ओले.

"काका, कुठे भिजलात?"

"एकोडीच्या तलावात जी. टेस्टिंग करून आलो."

"तलाव तर इथे मागेच आहे. इतक्या लांब कशाला?"

"येथं आता बसवत नाई, म्याडम. आंग खाजते. मुरमुरा बी कडू लागते. ते नाली पाहा ना मांगची."

मॅडमनी लिहिता लिहिता पेन थांबवलं आणि माझ्याकडे पाहिलं. मी हसलो.

"मॅडम, हे आमचे परसरामभाऊ," म्हणून मी मुरमुऱ्यांचा किस्सा सांगितला. मग मामाजींचा. मग सर्दीच्या जावयाचा. चांगला रंगवून सांगितला. मॅडम हसल्या. मी हसतोय म्हणून स्वागताला उभ्या असलेल्या बायाही हसल्या. आपलं कौतुक चाललंय असं वाटून परसरामभाऊही हसत होते. शेवटी मी बोट डोक्याकडे नेलं आणि म्हणालो, "थोडं इकडे आहे. पण त्रास नाही कोणाला."

परसरामभाऊंनी पालथ्या हातानं तोंड पुसलं आणि सायकल भिंतीला लावली. मॅडम नालीकडे गेल्याच नाहीत. तपासणी पार पडली. मालकांनी पेढे वाटले, आणि मी दोन खाल्ले.

दुसऱ्या दिवशी परसरामभाऊ कामावर आले नाहीत. नंतरही आले नाहीत. शेवटी मी त्यांच्या घरी गेलो. चुलीजवळ एकच ताटली पालथी घातलेली होती. बोलायचं म्हणून विचारलं, "जावई कुठे असतात आपले?"

"कायचा जावाई, सायेब. म्या लगनच नाई केलं."

"आणि मामाजी?"

"ते बी जाकिटातलेच."

बराच वेळ ते जाळ्याची गाठ सोडवत बसले. मग मान वर न करता म्हणाले, "सायेब, मी पागल हाओ, तं मंग माह्या पासचं का? ते जाकिटं तं गेले ना सारे. आता कोनी कोठं डोंगरावर पान्यापावसात सापडला असन, माह्या भरवशावर. त्याइले कळवून द्याजा, का पास देनारा पागल होता."

चहा न घेताच मी उठलो.

सकाळी ऑफिसातून मॅडमना फोन लावला. पंप, फळी, पाठ करून घेतलेली उत्तरं, सगळं सांगितलं. डोक्याकडे नेलेलं बोटही सांगितलं. त्या म्हणाल्या, "त्या काकांचं नाव पुन्हा सांगा. नीट लिहून घेते." कंपनीनं माल अडवला, तेव्हा कुठे पंप दुरुस्त झाला आणि नाली बुजली. मालक अजून माझ्याशी कामापुरतंच बोलतात.

पण कबुली दिली होती ती मॅडमना. परसरामभाऊंना नाही.

त्यांना शांताबाईंकडून निरोप धाडला, तलावावर या. ते आले तेव्हा मी लाल जाकीट घालून, खिशात मुरमुरे टाकून, मानेपर्यंत पाण्यात बसलो होतो. मागच्या भिंतीशी जेवणाचे डबे हातात धरून बाया उभ्या होत्या. कोणी हसत नव्हतं. पाणी अजून पुरतं निवळलं नव्हतं. खाज मनगटापासून सुरू झाली आणि मानेपर्यंत चढत आली.

"काहून बसले जी सायेब तेथं?" परसरामभाऊ काठावरून ओरडले. "निंगा बाहीर! आंग खाजन!"

"खाजतंय, परसरामभाऊ," मी म्हणालो. बायांना ऐकू जावं म्हणून पुन्हा मोठ्यानं म्हणालो, "खाजतंय. तुम्ही खरं बोलला होतात, आणि मी तुम्हाला वेडा ठरवलं. मला माफ करा."