आंबीलराव विचार करून राहिलेत

मन्मथअप्पांनी मला आतापर्यंत चार वेळा मारलंय. त्यातल्या एका वेळी तर गद्दार ठरवून कोंबड्यांपुढं टाकलं. तरी मी सहा वर्षं त्यांच्याच माडीवर राहते आणि सणावाराला त्यांच्याच घरी जेवते. नांदेडहून माझी आई फोनवर विचारते, "घरमालक बरे हायेत ना गं?" मी म्हणते, "लई चांगले हायेत. परवाच मला परत जिवंत केलं."

नीट सांगते. अप्पांचं लातुरात आमच्या गल्लीच्या तोंडाशी किराणा दुकान आहे. वय साठीच्या आसपास, कपाळाला भस्म, खिशाला तीन पेनं. दिसायला इतका साधा माणूस की रस्त्यानं गेला तर वळूनही बघणार नाही कुणी. पण रविवारी दुपारी जेवणं झाली की अप्पा दुकानाचं शटर अर्धं ओढतात, मागच्या ओसरीवर सतरंजी टाकतात आणि राज्य मांडतात. राज्याचं नाव भज्जीनगर. तिथं माणूस नावाला नाही. सगळी प्रजा खाण्याच्या पदार्थांची. पदार्थ चालतात, बोलतात, कट करतात, एकमेकांना विष घालतात आणि शिळे होऊन मरतात.

हा खेळ आहे. एक जण गोष्ट सांगतो, बाकीचे एकेक पात्र होतात. आपण काय करणार ते आपण सांगायचं आणि जमलं की नाही ते फाशानं ठरवायचं. आमच्याकडं फासे नाहीत, पाच चिंचोके आहेत. गोष्ट सांगणारे अप्पा. राणीही अप्पाच. हे बरोबर नाही, पंच आणि कप्तान एकच कसा, असं मी कैकदा भांडलेय. अप्पा शांतपणे म्हणतात, "राज्य कुणी काढलं? मग?"

मी पहिल्यांदा खेळायला बसले तेव्हा नांदेडची म्हणून मोठ्या अभिमानानं अर्धापूरचं केळं झाले. परदेशी वकील म्हणून दरबारात आले, भाषण केलं, टाळ्या घेतल्या. पुढच्या रविवारी अप्पांनी चष्म्यावरून माझ्याकडं बघितलं आणि म्हणाले, "आठ दिवस झाले, बाई. तुम्ही काळ्या पडून राहिल्या." झालं, मी मेले. त्या राज्यात वय वर्षांत मोजत नाहीत, शिळेपणात मोजतात. मग पापड झाले तर चौकशीत मोडले. भजं झाले तर दरबारात पोचेपर्यंत मऊ पडले. तिळाची पोळी झाले तेव्हाचं ते कोंबड्यांचं प्रकरण. आता मी धपाटं आहे. धपाटं टिकतं. अप्पा भर बाजारात मला "ओ धपाटे!" म्हणून हाक मारतात आणि मीही ओ देते. कचेरीतल्या लोकांना काय सांगायचं ते अजून सुचलेलं नाही.

राज्यात सगळ्यात वाईट खातं जासूसांचं. त्याचा मुखिया मीठ. "मीठ सगळ्यांच्या आत ऱ्हातं, धपाटे. तुझ्यात बी हाय," असं अप्पा पहिल्यांदा म्हणाले तेव्हा खरंच माझ्या अंगावर काटा आला. दुकानात मिठाच्या पोत्याजवळ उभं राहून कुणी राजकारण काढलं की अप्पा आवाज खाली आणतात. एकदा एक पुढारी तिथंच टेकून मतांचा हिशेब सांगायला लागला. अप्पांनी त्याला हाताला धरून डाळीकडं नेलं. तो बिचारा आजतागायत समजतो की अप्पांना त्याची काळजी आहे.

खेळणारे आम्ही चौघं. अप्पा म्हणजे भज्जीराणी, पुढ्यात खूण म्हणून एक वाटी. काकू, म्हणजे अप्पांच्या घरच्या, गव्हाची खीर. बोलायला गोड, पण मत कायम नवऱ्याच्या बाजूनं. रफीकभाई समोरचे टेलर, ते बाजरीचा उंडा, म्हणजे वाफवलेला गोळा. बंडात ते माझ्या बाजूचे, पण खेळताना शर्टांना बटणं लावत बसतात. पाचवा पाट रिकामा असतो. त्याच्यापुढं मातीचं एक बोटभर मडकं ठेवलेलं असतं. ते प्रधान आंबीलराव.

आंबीलराव म्हणजे शिवकांत. अप्पांचा धाकटा भाऊ.

खेळ घरात आणला शिवकांतच्या मुलीनं. लॉकडाऊनमध्ये ती पुण्याहून येऊन अडकली होती. तिच्याकडं वीस तोंडांचा फासा होता आणि राक्षस, ड्रॅगन, कसले कसले किल्ले. अप्पा दोन दिवस खेळले आणि वैतागले. "हे काय ओळखीचं न्हाई, पाळखीचं न्हाई. मला त्याचा राग बी येईना अन् मायाबी येईना. खायचं काहीतरी घे." मग दोघा भावांनी बसून येळवशीचं आख्खं जेवण राज्यात उभं केलं.

बाहेरच्यांसाठी सांगते, आमच्याकडं मार्गशीर्षातल्या अवसेला येळवस. त्या दिवशी लातूर ओस पडतं. जो तो शेतात. कडब्याची कोप, म्हणजे छोटी झोपडी, करायची, तिच्यात पूजा मांडायची आणि येईल त्याला जेवायला घालायचं. सगळ्या पालेभाज्या, शेंगा, हरभरे बेसनात शिजवलेली भज्जी, ताकातली आंबट आंबील, उंडे, धपाटे, खीर. भज्जीनगरच्या प्रजेला ठाऊक आहे की येळवस येणार आणि त्या दिवशी सगळे खाल्ले जाणार. अप्पांचं सगळं काळं राजकारण या एका गोष्टीभोवती फिरतं. राणी म्हणते, आपण त्यासाठीच रांधले गेलोत, इज्जतीनं पानात जाऊ. आम्ही बंडखोर म्हणतो, बांधावरून उडी टाका आणि पळा.

यावर दरबारात मतदान लागलं. राणी आणि खीर एकीकडं, धपाटं आणि उंडा दुसरीकडं. दोन-दोन. निकाल आंबीलरावांच्या हातात. आणि त्याच आठवड्यात खरी येळवस आली.

दोघा भावांच्या शेताची वाटणी त्या वर्षी नुकतीच झाली होती. कोप दरवर्षी घालायचे ती जागा अप्पांच्या बाजूला गेली. शिवकांत म्हणाला, यंदा माझ्या वावरात घाला. अप्पा म्हणाले, आज्यापासून जागा हीच. एवढंच. यावरून दोघं इतके पेटले की बांधाच्या दोन्ही बाजूंना दोन कोपी उभ्या राहिल्या आणि दोघं भाऊ एकमेकांकडं पाठ करून जेवले. मी तिथं होते. काकू वाढताना रडत होत्या आणि अप्पा ओरडत होते, "भज्जीत मीठ जास्त पडलं!" पुढच्या रविवारी शिवकांत खेळायला आला नाही. तो कधीच आला नाही. दोन गल्ल्या सोडून त्याचं मोटार वायंडिंगचं दुकान आहे, पण अप्पा बाजाराला जायला उलटा रस्ता धरतात.

त्याला आता चार वर्षं झाली. दर रविवारी मतदानाची वेळ येते. अप्पा त्या मडक्याकडं बघतात, धोतराच्या सोग्यानं ते पुसतात आणि सांगतात, "आंबीलराव विचार करून राहिलेत." मग आम्ही थांबायचं. चांगलं मिनिटभर. काकू वाती वळतात, रफीकभाई दोरा तोडतात, मी भिंतीवरचं कॅलेंडर वाचते. मिनिट झालं की अप्पा म्हणतात, "बरं. म्होरल्या रविवारी." येळवस पुढं जाते. खरी येळवस चारदा येऊन गेली, भज्जीनगरात मात्र अजून तिची आदली संध्याकाळच आहे.

एकदा रफीकभाई म्हणाले, "अप्पा, आंबील मेरेकू दे दो. दोनों मैं चलाता." अप्पांनी त्यांच्याकडं असं बघितलं की रफीकभाईंनी बटण उलटं लावलं.

यंदा मात्र माझा पारा चढला. माझी नांदेडला बदली झाली. हुकूम हातात पडला तेव्हा आनंद व्हायला पाहिजे होता, आईजवळ जायचं होतं. पण मला रडू आलं. चार मरणं मरून मिळवलेलं बंड अर्धवट टाकून मी जाणार? मी अप्पांना स्पष्ट म्हणाले, "मी असेपर्यंत निकाल लावा. नाहीतर मी स्वतः जाऊन विचारते त्याला." अप्पा तूर निवडत होते. मान वर न करता म्हणाले, "ईचार की. मी कुठं धरलंय तुला." मग सुपाकडंच बघत, "तो काय आता बोलतो?"

दुसऱ्या दिवशी मी माझा चांगला चालणारा मिक्सर पिशवीत घातला आणि शिवकांतच्या दुकानात गेले. तो तांब्याची तार गुंडाळत बसला होता. मी मिक्सर ठेवला आणि घाईघाईनं म्हणाले, "प्रधानजी, मत कुणाला?"

त्यानं माझ्याकडं बघितलं. "ताई, माझं वय चोपन्न हाय."

"आंबीलचं विचारतेय मी."

"कोन आंबील? काय पोरखेळ लावून राहिल्या." त्यानं मिक्सरचं बूड उघडलं. काही बिघडलेलं नाही हे त्याला लगेच कळलं असणार, पण तो स्क्रू काढतच राहिला. मग म्हणाला, "भज्जी गादीवरच हाय का अजून?"

"गादीवरच."

"हाटायची न्हाई ती." त्यानं आणखी एक स्क्रू काढून बाजूला ठेवला. "प्रधान कुणाला केलं मग?"

"कुणाला म्हणजे? तुम्हीच आहात."

"मी? आंबील तिसऱ्या दिवशी नासती. नियम दादाचाच हाय. मी कवाच मेलो असंन."

"सगळे मेले," मी म्हणाले. "मी चारदा मेले. रफीकभाईंना बुरशी आली होती, ते पुन्हा जन्मले. तुम्हालाच काही होत नाही. अप्पा दर रविवारी सांगतात, आंबील आत्ताच घुसळलीय."

शिवकांतचा हात थांबला. चष्मा काढून त्यानं शर्टाला पुसला, पुन्हा घातला, पुन्हा काढला. मला वाटलं, आता हा पाघळला. तेवढ्यात तो एकदम ओरडला, "दादाला सांगा, मत विरोधात! बांधावरून उड्या टाका म्हनावं सगळ्यांनी! कोन बसतंय त्याच्या पानात!" शेजारचा पंक्चरवाला ट्यूब हातात घेऊन बघायला आला.

मी परत फिरले ती पाय ओढत. मेलीला काय अवदसा आठवली आणि मी तिथं गेले! चार वर्षं जपलेल्या माणसानं असं तोंडावर मारावं? हे अप्पांना सांगणं माझ्यानं होणार नव्हतं. घर येईपर्यंत मी दुसरंच काहीतरी ठरवलं होतं.

रविवार आला. सतरंजी पडली. अप्पांनी मडकं पुसलं आणि ते काही बोलायच्या आत मी म्हणाले, "प्रधानजींचं मत घेऊन आलेय. ते म्हणाले, राणीसाहेब म्हणतील तसं. दादाच्या शब्दाबाहेर मी नाही."

काकूंची वात हातात राहिली. अप्पा माझ्याकडं बघत होते. मला वाटलं होतं, माणूस खुलेल. पण त्यांचा चेहरा उतरत गेला, उतरत गेला आणि पार म्हातारा झाला.

"शिवा असं म्हनला?"

"हाव."

"तू गेलीच न्हाईस त्याच्याकडं," अप्पा म्हणाले. आवाजात राग नव्हता. "शिवा जन्मात कधी माझ्या बाजूनं बोलला न्हाई. मी ऊन म्हनलो की तो सावली म्हनायचा. मला बरं वाटावं म्हनून तू बनवून सांगून राहिलीस. कामून, बाई? मी काय ल्हान लेकरू हाय?"

मला ते बघवेना. माझा बांध फुटला. "गेले होते हो मी! शपथ घेऊन सांगते, गेले होते! विरोधात म्हणाला तो! पळा म्हणाला, उड्या टाका म्हणाला, कोण बसतंय त्याच्या पानात म्हणाला! ओरडला माझ्या अंगावर!"

अप्पा ताठ झाले. "विरोधात म्हनला?"

"हाव."

"ओरडून?"

"पंक्चरवाला धावत आला!"

अप्पांनी मांडीवर थाप मारली. "हां! हे त्याचं! हे बिलकुल त्याचं! ऐकलं का ओ, बुडालं आपलं राज्य!" आणि त्यांनी स्वतःच्या हातानं भज्जीराणीची वाटी पालथी घातली. डोळ्यांतून धारा लागल्या होत्या आणि ते हसत होते. रफीकभाई मला म्हणाले, "बाई, हम जीत गये ना?" आम्ही जिंकलो होतो. चार वर्षांनी जिंकलो होतो आणि आमच्याकडं कुणाचं लक्ष नव्हतं.

"पहिल्यापासून सांग," अप्पा म्हणाले. "तू गेलीस तवा तो काय करून राहिला व्हता?"

मी सांगितलं. तार गुंडाळत होता. केस पांढरे झालेत. वाळलाय थोडा. चष्मा लागलाय.

"चष्मा लागला?" अप्पा म्हणाले. "शिवाला? कवा?"

"मला काय माहीत, अप्पा? मी तेवढं नाही विचारलं. तुम्हीच जाऊन विचारा की."

अप्पांनी काकूंकडं बघितलं. काकू वातीकडं बघत म्हणाल्या, "रविवारी चारला बंद करतेत भावजी." त्यांना ते कसं माहीत, हे कुणी विचारलं नाही.

साडेतीन वाजले होते. अप्पा उठले, शर्टाची बटणं लावायला लागले, दोन लावली आणि दारात थांबले. मला हाक मारली ती धपाटे म्हणून नाही.

"सुनंदा," ते म्हणाले, "एकटा कसा जाऊ? तू चल ना संगं."