एकसष्ट हजार सुप्रभात

"पाच मिनिटं! फक्त पाच मिनिटं त्या खुर्चीवरून ऊठ. माझ्या हातात आलेलं यंत्र पाच मिनिटांच्या वर आजारी राहिलेलं नाही!"

शनिवारी सकाळी नऊ वाजता, बहारीनमधल्या माहूजच्या चौथ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये सलीलने ही घोषणा केली आणि त्याची बायको निवेदिता खुर्चीवरून उठली. वाचकहो, त्या दिवशी तिने केलेली ही एकमेव चूक. पुढचे सव्वादोन तास तिला ती खुर्ची परत मिळाली नाही!

दुखणं तिच्या लॅपटॉपचं होतं. एक अक्षर टाइप केलं तर ते पडद्यावर उमटेपर्यंत चहा गाळून होत होता. पंखा असा घरघरत होता, की जणू मुहर्रकच्या विमानतळावरून एखादं विमान सुटतंय आणि ते त्यांच्या बैठकीच्या खोलीतूनच सुटतंय. आणि साडेअकराला निवेदिताच्या पीएच.डी.ची मौखिक परीक्षा होती. ऑनलाइन. खारं पाणी गोडं करणाऱ्या पडद्यांवर क्षार कसे साचतात, यावर तिने नोकरी सांभाळून सात वर्षं काम केलं होतं. तिचे मार्गदर्शक कामत सर महिनाअखेरीस निवृत्त होणार होते. आजची तारीख हुकली तर नवा मार्गदर्शक, नवे कागद, नवं वर्ष!

चालू असलेल्या प्रक्रियांची यादी तिने आधीच उघडली होती. पार्श्वभूमीत चालणारी, फोटोंचं विश्लेषण करणारी कुठलीशी सेवा एकटीच चौऱ्याण्णव टक्के ताकद खात होती. निवेदिताने तिचं नाव, वेळ आणि आकडा कागदावर लिहिला. आता ती कोण, कशासाठी, एवढंच शोधायचं होतं. इतक्यात सलील आला.

सलील सलमाबादच्या एका वर्कशॉपमध्ये शीतयंत्रांचा इंजिनीअर होता. जगातल्या सगळ्या समस्या उष्णतेच्या असतात, असं त्याचं मत. त्याने लॅपटॉपच्या पाठीवर हात ठेवला, डोळे मिटले आणि निदान केलं, "तापलाय."

"तो तापलाय कारण एक प्रक्रिया चालू आहे," निवेदिता म्हणाली. "ती थांबव. ताप उतरेल."

"अगं, ते वरवरचं झालं. मूळ बघावं लागतं!"

मूळ बघायला तो स्वयंपाकघरात गेला आणि फ्रीजरमधलं मटारचं पाकीट आणून त्याने लॅपटॉपखाली सरकवलं.

निवेदिताला राग आला की तिचा आवाज चढत नाही. तो उतरतो, आणि वाक्यांत आकडे यायला लागतात. लग्नाला चौदा वर्षं झाली तरी सलीलला ही खूण ओळखता येत नव्हती.

"सलील, खोलीचं तापमान चोवीस अंश आहे. आर्द्रता साठ टक्के. म्हणजे दवबिंदू जवळजवळ सोळा. तुझे मटार उणे अठरावर आहेत. दहा मिनिटांत याच्या पोटात पाणी धरेल."

"पुस्तकी बोलू नकोस गं. मी वीस वर्षं थंड करतोय!"

"माणसांना करतोस. आतल्या वायरींना नाही." तिने पाकीट उचलून फ्रीजरमध्ये परत टाकलं. परत येऊन बघते, तर सलील फोनवर. "जॉन, यल्ला, चल, खाली ये! वहिनीचं मशीन गेलं!"

"गेलेलं नाही," निवेदिता म्हणाली. कोणी ऐकलं नाही.

जॉन वरच्या मजल्यावर राहायचा. वसईचा. जुफैरच्या एका हॉटेलातले कॉम्प्युटर सांभाळायचा. चपला काढता काढताच तो म्हणाला, "वहिनी, अजिबात घाबरू नका. हॉटेलात एकशेवीस मशीन आहेत माझ्याकडे. सगळ्यांना मी बापासारखा!"

"मी घाबरलेले नाही. मला माझी खुर्ची हवी आहे."

"देतो ना! आधी सफाई करू." आणि तो त्याच खुर्चीच्या हातावर टेकला. त्याने खिशातून पेन ड्राइव्ह काढला आणि लॅपटॉप झाडून काढणारा एक प्रोग्रॅम चढवला. दरम्यान सलीलने, मागे राहू नये म्हणून, एक अँटिव्हायरस उतरवून घेतला होता. झालं! दोन रखवालदार एकाच वेळी आत शिरले आणि एकमेकांनाच चोर समजून तपासायला लागले. चौऱ्याण्णवचे नव्याण्णव टक्के झाले. पंख्याचा आवाज असा चढला की टेबलावरची सुपारीची डबी हळूहळू कडेकडे चालायला लागली.

"एका वेळी एकच गोष्ट बदला," निवेदिता म्हणाली. आवाज आता इतका खाली गेला होता की ऐकायला वाकावं लागलं असतं. "नाहीतर कशामुळे काय झालं ते कळणार नाही. दहा वाजून चाळीस मिनिटं झाली आहेत. माझ्याकडे पन्नास मिनिटं आहेत."

"पन्नास? भरपूर!" दोघे एका सुरात म्हणाले.

दोन्ही रखवालदारांना हाकलण्यातच त्यातली वीस गेली. मग जॉनने प्रथमच त्या कागदाकडे पाहिलं, ज्यावर निवेदिताने नऊ वाजता प्रक्रियेचं नाव लिहिलं होतं.

"अरेच्चा! ही तर फोटो तपासतेय. सलील, तुझ्या खात्यात फोटो किती रे?"

फोटो होते एकसष्ट हजार.

सलीलचा चेहरा उतरला. पाच वर्षांपूर्वी मिरजेला गेला असताना त्याने वडिलांना नवा फोन घेऊन दिला होता. नानांना आणखी एक पासवर्ड कुठे लक्षात ठेवायला लावायचा, म्हणून तो स्वतःच्याच खात्यावर जोडून दिला होता. निवेदिताचा लॅपटॉपही त्यानेच लावून दिलेला. तोही त्याच खात्यावर. एक घर, एक पासवर्ड! नाना रोज पहाटे जेवढी शुभेच्छाचित्रं येत तेवढी जपून ठेवत. ती मिरजेहून बहारीनला येत आणि निवेदिताच्या क्षारांच्या आलेखांशेजारी राहत. निवेदिताने मनात भागाकार केला. दिवसाला तेहतीस!

आणि तिचा लॅपटॉप सकाळपासून प्रत्येक चित्रातला चेहरा ओळखत होता. एका सूर्यफुलाखाली त्याने विचारलं होतं, 'ही व्यक्ती कोण?' कपात वाफाळणाऱ्या चहाला त्याने स्वतःच नाव दिलं होतं, 'सलील'.

"उडवून टाकतो!" सलील ओरडला. "खलास!"

"हात लावू नकोस. कोपऱ्यात ते—"

पण त्याने बटण दाबलं होतं. एकसष्ट हजार फोटो जायला लागले. साठ हजार. अठ्ठावन्न हजार. पंखा जरा मऊ झाला. सलीलने विजयी मुद्रेने जॉनकडे पाहिलं, आणि फोन वाजला.

"सलील! माझा फोन चोरीला गेला रे!" नाना.

"नाना, तुम्ही फोनवरूनच बोलताय ना?"

"बाहेरचा आहे! आतला गेला! एकेक चित्र डोळ्यादेखत नाहीसं होतंय. माझ्या गुडघ्याचा एक्स-रे गेला, मीटरचं रीडिंग गेलं, पाटणकरांच्या नातीचं बारसं गेलं! पोलिसात जाऊ का?"

"पोलिसात नको!" सलीलला घाम फुटला. "नाना, ते... ते मीच करतोय."

मिरजेहून असा आवाज आला की जॉन दोन पावलं मागे सरला. "तू? परदेशात बसून बापाचं घर झाडून नेतोस? लाज नाही वाटत?"

"परत आणतो, नाना! आत्ता आणतो!" आणि सलीलने पुसणं पूर्ण व्हायच्या आतच सगळं परत आणायचा आदेश दिला. आता लॅपटॉप एका हाताने फोटो बाहेर फेकत होता आणि दुसऱ्या हाताने आत ओढत होता. पडद्यावरचा बाण गोठला. घड्याळात अकरा वाजून अठरा मिनिटं.

तेव्हा निवेदिता ओरडली! चौदा वर्षांत पहिल्यांदा!

"उठा! दोघेही! ती खुर्ची माझी आहे, मशीन माझं आहे, आणि सात वर्षंही माझी आहेत! जॉन, तो पेन ड्राइव्ह खिशात! सलील, बाल्कनीत! एसी नाही तिथे, कळेल तुला उष्णता म्हणजे काय ते!"

बाहेर त्रेचाळीस अंश होते. सलील निमूटपणे गेला. त्याच्या मागोमाग जॉनही.

निवेदिता बसली. बाण कोपऱ्यापर्यंत रांगत न्यायला तिला दोन मिनिटं लागली. कोपऱ्यात एक छोटंसं ढगाचं चित्र होतं. ते दाबल्यावर एक ओळ उघडली, 'तात्पुरतं थांबवा'. तिने ती दाबली. पंखा थांबला. नऊ वाजताही ती ओळ तिथेच होती.

साडेअकराला पडदा लख्ख उघडला. कामत सर, बाहेरचे परीक्षक डॉ. इनामदार, विभागातली चार माणसं. निवेदिताने बेचाळीसपैकी पहिलं पान लावलं. "नमस्कार. माझ्या संशोधनाचा विषय—"

तेवढ्यात पडद्यावर आणखी एक चौकोन उगवला. नाव 'सलील', चित्रात एक कपाळ आणि अर्धा चष्मा. परीक्षा विसरू नये म्हणून सलीलने तिची लिंक स्वतःच्या खात्यातल्या कॅलेंडरवर टाकली होती. मिरजेच्या फोनने वेळेवर घंटी वाजवली आणि नानांनी, मुलगाच असणार म्हणून, हिरवं बटण दाबलं.

"चोरा! कुठे आहेत माझे फोटो?"

निवेदिताला वाटलं, जमीन दुभंगावी. चौथा मजला असला तरी चालेल! "सर, क्षमा करा. हे माझे सासरे. मी त्यांना लगेच—"

"थांबा," डॉ. इनामदार म्हणाले. "खुली परीक्षा आहे. श्रोत्यांना प्रश्न विचारता येतो. काका, काय झालं फोटोंचं?"

नानांनी सांगितलं. एक्स-रेपासून बारशापर्यंत. डॉ. इनामदार पुढे पुढे झुकत गेले. "अहो, माझंही असंच झालंय! मुलगा डब्लिनला. फोन त्यानेच लावून दिला. गेल्या दिवाळीत दोनशे फोटो गेले, अजून कोणी उत्तर देत नाही! मॅडम, परत मिळतात का हो हे?"

"मिळतात, सर," निवेदिता म्हणाली. "तीस दिवसांच्या आत. कचऱ्याच्या पेटीतून."

"अरेरे, माझे तीस उलटले. काका, तुम्ही सुटलात!"

मग चाळीस मिनिटं मिरज आणि परीक्षक बोलत होते. कामत सर घड्याळ बघत होते. शेवटी डॉ. इनामदार म्हणाले, "मॅडम, प्रबंध मी दोनदा वाचलाय. उत्तम आहे. मला काही विचारायचं नाही. अभिनंदन, डॉक्टर!"

पडदा बंद झाला.

सलीलने बाल्कनीचं दार किलकिलं केलं. तो बर्फाच्या लादीसारखा वितळत होता. "झाली? डॉक्टर झालीस? मग हसत का नाहीस?"

"एकही प्रश्न विचारला नाही," निवेदिता म्हणाली. आवाज पुन्हा खाली आला होता. "सात वर्षं. एकशेअठरा नमुने. सव्विसावा आलेख मी चार वेळा बदलला. एकही प्रश्न नाही. आत ये. जॉन, तुम्हीही. बसा."

दोघे सोफ्यावर बसले. तिने पहिलं पान लावलं आणि उभी राहिली.

अकराव्या पानावर जॉनने हळूच हात वर केला. "वहिनी, दीड वाजलाय. जेवण...?"

"प्रश्न विषयाला धरून विचारा," डॉ. निवेदिता म्हणाल्या, आणि त्यांनी बारावं पान लावलं.