नौपाड्याची सून उकिर्डी

लग्नपत्रिकांचा गठ्ठा घरात आला तेव्हा त्र्यंबकराव टिपणीस दाढी करत होते. एका गालावर साबण, दुसरा मोकळा. त्यांनी एक पत्रिका उचलली, गणपतीला नमस्कार केला, आजोबांचं नाव वाचलं, वडिलांचं वाचलं, स्वतःचं जरा जास्त वेळ वाचलं आणि पुढच्या ओळीवर आले. वस्तरा पाण्याच्या वाटीत पडला.

"चि. सौ. कां. कोण?"

त्यांनी पुन्हा वाचलं. चि. प्रभाकर याचा शुभविवाह, कल्याणचे श्री. कर्णिक यांची कन्या चि. सौ. कां. उकिर्डी हिच्याशी करण्याचे योजिले आहे. गालावरचा साबण वाळायला लागला.

गठ्ठा घेऊन आलेले छापखान्याचे पोपटराव अजून दारातच उभे होते.

"पोपटराव, छापखाना चालवता की सूड उगवता?"

"साहेब, मी तुमच्या चिरंजीवांना विचारलं ना! म्हटलं, अहो, असं कुठे नाव असतं का? तर म्हणाले, आहे तसंच छापा. वर म्हणाले, जाड टाइपात घ्या."

जाड टाइप मागणारे चिरंजीव खिडकीत उभे होते. "तेच नाव आहे तिचं, नाना."

"मग आपण मुलगी बघायला गेलो तेव्हा कोणी बोललं का नाही?"

"तुम्ही विचारलंच नाही."

हे खरं होतं. त्र्यंबकरावांनी मुलीची उंची विचारली होती, शिक्षण विचारलं होतं, डोळ्यांना चष्मा लागेल का तेही विचारलं होतं. तिला गायला लावलं, चालायला लावलं. नाव विचारलं नाही. विचारायचं कशाला? ते तर बदलायचंच होतं. ताटात तांदूळ पसरायचे, नवऱ्याने अंगठीने त्यात नवं नाव लिहायचं, की वीस वर्षं वाढलेली एक मुलगी पुसली जाते आणि तिथे दुसरी उभी राहते. म्हैस विकत घेणारा माणूससुद्धा तिचं नाव विचारून घेतो, कारण धार काढताना हाक मारावी लागते. आपली शिकलेली घरं तेवढंही करत नाहीत. त्र्यंबकरावांनी तर नवं नाव निवडूनही ठेवलं होतं. प्रमोदिनी.

आणि हे गृहस्थ साधेसुधे नव्हते. नौपाड्यातले सुधारक होते. दर गणेशोत्सवात 'रूढींचे जोखड' या विषयावर बोलायचे आणि लोक आरती होईपर्यंत बसून ऐकायचे.

आतून त्यांची विधवा बहीण विमलाबाई आली. पत्रिका डोळ्यांजवळ नेऊन तिने वाचली आणि तोंडाला पदर लावला. "अगं बाई! दादा, आता उकिरड्याला हळद लावायची होय रे आपण?"

"काही नाही. पोपटराव, सगळ्या नव्याने छापा. प्रमोदिनी घाला."

"शीः!" विमलाबाई ओरडली. "तांदळात लिहायच्या आधी नवं नाव फोडायचं नसतं. अपशकुन होतो."

"मग पट्टी चिकटवा त्या नावावर!"

"नाना," प्रभाकर म्हणाला, "निम्म्या पत्रिका मी कालच छापखान्यातून नेल्या. पोस्टात टाकल्या."

दुपारपर्यंत त्या पत्रिका पोचल्या. संध्याकाळी त्र्यंबकराव फिरायला निघाले, तर ठाणे स्टेशनपर्यंत भेटेल तो माणूस थांबून अभिनंदन करत होता. एक वकील म्हणाले, "कमाल केलीत, त्र्यंबकराव. आम्ही सुधारणेवर नुसतं बोलतो. तुम्ही उकिरडा घरात आणताय!" त्र्यंबकराव तसेच माघारी फिरले.

दुसऱ्या दिवशी बायको, बहीण आणि मुलगा यांना घेऊन ते कल्याणला पारनाक्यावर कर्णिकांच्या घरी जाऊन बसले. कर्णिकांनी चहा पुढे केला. त्र्यंबकरावांनी कप बाजूला सारला.

"कर्णिक, आमची फसवणूक झाली आहे."

कर्णिक काही बोलायच्या आत मुलगीच बाहेर आली. शाळेतून नुकतीच आली होती, शिकवून. हाताला खडू तसाच होता. "फसवणूक कसली? नाव सगळ्या कल्याणला माहीत आहे. हजेरी घेताना बाई हसायच्या, तेव्हापासून आहे."

"ठीक आहे, झालं ते झालं. लग्नात आम्ही बदलतोच आहोत."

"बदलायचं नाही." तिचा आवाज चढला नाही. "माझं नाव चालणार नसेल तर लग्न नको. पत्रिका फाडून टाका."

विमलाबाईने कपाळाला हात लावला. प्रभाकर मात्र त्या मुलीकडे असा बघत होता, जसं लोक पहिल्यांदा समुद्र बघतात.

"अगं पण पोरी, अर्थ तरी बघ नावाचा!" त्र्यंबकराव म्हणाले.

"अर्थ मी नाही सांगणार. जिने मला उचललं ती सांगेल. हौसामावशी, ये गं बाहेर."

मागच्या पडवीतून एक आगरी बाई आली. डोक्यावरची भाजीची पाटी तिने सरळ दिवाणखान्यात उतरवली आणि त्र्यंबकरावांना आपादमस्तक न्याहाळलं.

"तूच का रे सासरा? नीट मांडी घालून बस. खुर्चीवर बसलेल्याला ही गोस्ट कलत नाय."

आणि नौपाड्याचे सुधारक का कोण जाणे, खाली सतरंजीवर बसले.

"हिच्या आदी या घरान चार पोरां झाली," हौसाबाई म्हणाली. "एक पन जगला नाय. नाव ठेवाच्या आदीच जाव्ची. मंग ही झाली. तवा हिच्या आयशीनी काय केला? पोर सुपान ठेवली, मागच्या उकिरड्यावर नेली, टाकली नि निंगून आली. मी पाटी घेऊन येत व्हते. बगते तं काय, उकिरड्यावर पोर! एका बाजूला कोंबरी, एका बाजूला कुतरा. पोर रडं ना, काय ना. त्या कुत्र्याकरं असी टक लावून बगत व्हती, का कुतराच लाजला नि गेला."

"पण तुमचं आधी ठरलं असेल ना?" विमलाबाईने विचारलं. "की तुम्ही यायचं आणि उचलायचं?"

"ठरला कसा? ठरवून उचलला तं यम फसंल का? यम काय नौपाड्याचा हाय?"

कर्णिकही हसले. पण दाराला टेकून उभ्या असलेल्या मुलीच्या आई हसल्या नाहीत. त्या इतक्या हळू बोलू लागल्या, की सगळ्यांना पुढे झुकावं लागलं.

"ठरलं नव्हतं. ठरवायचंच नसतं. कोण येईल ते माहीत नसतं. येईल की नाही, तेही माहीत नसतं. मी या दाराआड उभी होते. मागे वळून बघायचं नाही, धावायचं नाही. कुत्रा आलेला मला आवाजावरून कळला. तरी नाही धावले."

मुलीच्या आईंनी दाराची चौकट घट्ट धरली.

"मग हौसा पुढच्या दारात आली आणि ओरडली, टाकलेली पोर गावली, कोनाला पायजे का? आता मी म्हणायचं होतं, नको. म्हटलं. तिने परत विचारलं. परत म्हटलं, आम्हाला कशाला ती घाण. चोळी दुधाने भिजली होती माझी, आणि तोंडाने म्हणत होते घाण. मग तिसऱ्यांदा म्हटलं, बरं, टाक कोपऱ्यात. तेव्हा ती माझी झाली. त्यानंतर ताप आला की मी अंगणात जाऊन मोठ्याने हाक मारायची, उकिर्डेऽ! कोणी टपून बसलं असेल त्याला वाटावं, हा केर आहे, यात कोणाचा जीव नाही."

त्र्यंबकरावांच्या पुढ्यातल्या चहावर साय धरली होती. नौपाड्यात त्यांनी कितीतरी व्याख्यानं दिली होती. पण आपली पोर मरणापासून लपवायला तिला आपल्याच तोंडाने घाण म्हणणारी बाई त्यांनी कधी पाहिली नव्हती. गावागावात धोंडू, दगडू, भिकू, केरू अशी माणसं हिंडतात आणि आपण हसतो. त्या प्रत्येक नावाच्या मागे एक रिकामा पाळणा आहे, हे हसणाऱ्याला कोणी सांगत नाही.

पण वर्षानुवर्षं भाषणं केलेला माणूस इतक्या लवकर गप्प बसत नाही. त्यांनी घसा खाकरला. "हे सगळं हृद्य आहे. तरी ही रूढीच. आणि मी रूढींच्या विरुद्ध..."

"नाना, मग लग्नात बायकोचं नाव बदलणं ही काय नवी सुधारणा आहे?" उकिर्डीने विचारलं. "आणि तुमच्या आजोबांचं नाव धोंडोपंत. पत्रिकेत सगळ्यात वर छापलंय. धोंडा हे नाव कोणी हौसेने ठेवत नाही. त्यांच्या आईनेही असंच काहीतरी केलं असेल. पण त्यांना पुढे पंत लागला, भिंतीवर तसबीर लागली. आणि मला पट्टी चिकटवता?"

"पट्टीचं तुला कोणी सांगितलं?"

प्रभाकर आढ्याकडे बघू लागला.

एवढ्यात विमलाबाई ताडकन उठली. कालपासून हळदीच्या नावाने रडणारी हीच बाई आता त्र्यंबकरावांपुढे हात जोडून उभी राहिली. "दादा, त्या नावाला बोट लावायचं नाही. यमाला परत पाठवलेलं नाव आहे ते. तू उद्या प्रमोदिनी ठेवशील आणि तो विचारत आपल्या दारात येईल. मी त्या घरात राहते!"

एकीकडे मुलगी हटत नव्हती, दुसरीकडे बहीण थरथरत होती. आणि मधे बसलेले त्र्यंबकराव म्हणाले, "विचार करून कळवतो." सभेत सापडलेला अध्यक्ष हेच म्हणतो.

विचार करायला सवड मिळालीच नाही. विमलाबाईने नौपाड्यात पाऊल टाकताच ती गोष्ट नळावर सांगितली, मग देवळात सांगितली, मग दळणाला गेली तिथे सांगितली. दोन दिवसांत टिपणिसांच्या ओट्यावर बायका येऊ लागल्या. कोणाचं पोर अशक्त, कोणाचं खोकणारं. "त्र्यंबकराव, सून आली की आमच्या बाळाला एकदा मांडीवर घेऊ दे हो तिला." एक बाई तर ठाकुर्लीहून आली. ज्या वकिलांनी उकिरड्याची चेष्टा केली होती, त्यांनीच हळूच विचारलं, नातू झालाय, नाव काय ठेवावं?

लोक आदराने बघू लागले की आपलं मत बदललं आहे हे माणसाला चटकन जाणवतं. त्र्यंबकराव गोष्ट स्वतः सांगू लागले. पहिल्या दिवशी त्यात कुत्रा होता. मग लांडगा झाला. लग्नाच्या आठवड्यात तो येऊरच्या डोंगरातला वाघ होता.

"आणि कोंबडी, नाना?" प्रभाकरने विचारलं.

"ती वाघाने खाल्ली. तू मधे बोलू नकोस. सून नावावरून पारखून घेतली आहे मी."

कल्याणला असा निरोप गेला, की नाव तेच राहील. लग्न लागलं. वरात नौपाड्यात आली, माप ओलांडलं गेलं आणि चांदीच्या ताटात तांदूळ पसरले. घरात उभं राहायला जागा नव्हती. प्रभाकरने अंगठी घेतली आणि एकेक अक्षर कोरल्यासारखं लिहिलं: उकिर्डी. वाकून बघणाऱ्या बायका श्वास धरून होत्या. एका म्हातारीने तर ताटालाच नमस्कार केला.

त्र्यंबकराव उभे राहिले. त्यांना राहवलं नाही. "मंडळी, नाव म्हणजे नुसता आवाज नव्हे! त्याच्या मागे कोणीतरी जागलेलं असतं, कोणीतरी रडलेलं असतं. एखाद्या मुलीचं नाव पुसणं म्हणजे तिच्या आईने केलेलं सगळं पुसणं आहे. हा अधिकार आम्हा पुरुषांना दिला कोणी?"

टाळ्या पडल्या. त्या थांबल्यावर नव्या सुनेने मान वर केली आणि शेजारी उभ्या असलेल्या सासूकडे पाहिलं.

"आई, तुमचं पहिलं नाव काय?"

वासंतीबाई या गोष्टीत सुरुवातीपासून आहेत. पत्रिका आल्या तेव्हा होत्या, कल्याणलाही गेल्या होत्या. त्यांना कोणी काही विचारलं नाही, आणि वाचकहो, तुम्हालाही ते खटकलं नाही.

"मला काय विचारतेस?" त्या म्हणाल्या. "यांना विचार. यांनीच बदललं."

सगळं घर त्र्यंबकरावांकडे वळलं. त्र्यंबकरावांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला.

"काहीतरी... ग वरून होतं. बहुतेक."

"नाही रे दादा, म होता," विमलाबाई म्हणाली. "म की स..."

वासंतीबाईंनी मुलाच्या हातातून अंगठी घेतली. उकिर्डीच्या खाली तांदळात जागा होती. तिथे त्यांनी हळूहळू लिहिलं. अक्षर सुटसुटीत, लहान मुलीचं असावं तसं.

आवडी.

"आमच्याकडे तीन पिढ्यांत मुलगी नव्हती," त्या म्हणाल्या. "मी झाले तेव्हा बापाने गावभर साखर वाटली. लोक वेड्यात काढत होते, मुलगी झाली म्हणून कोणी साखर वाटतं का? तो म्हणाला, मला आवडली. म्हणून आवडी. आणि याच ताटापुढे हे म्हणाले, गावंढळ वाटतं."

तांदळातली ती दोन नावं एकाखाली एक होती. एकीला जगवण्यासाठी नकोशी म्हटलं होतं, आणि दुसरीला हवीशी म्हटलेलं होतं तेच तेवढं पुसलं होतं.

"दादा," विमलाबाई कुजबुजली, "हाक मार की रे."

त्र्यंबकरावांचे ओठ हलले. सभा गाजवणाऱ्या माणसाच्या तोंडातून तीन अक्षरं बाहेर यायला फार वेळ लागला.

"आवडी."

वासंतीबाईंनी पदर सारखा केला.

"भाषण करताना तर स्टेशनपर्यंत ऐकू जातं," त्या म्हणाल्या. "पुन्हा मारा."