दुसऱ्या खेपेचा मुश्ताक

सन २०२३. मी तेव्हा एकाहत्तर वर्षांचा. तिवशाच्या बसमधून उतरताना पडलो आणि उजवा हात मनगटापाशी मोडला. भेटायला येणारा प्रत्येक जण विचारायचा, ‘कसे पडले हो?’ शेजारच्या मुश्ताकनं मात्र प्लास्टरकडे पाहून विचारलं, ‘काका, दवाखान्याची कितवी खेप?’

मुश्ताक चाळिशीचा, एकटा. अमेरिकेतल्या दवाखान्यांचे कागद घरबसल्या कॉम्प्युटरवर वाचतो आणि प्रत्येक दुखण्याला बिलासाठी ठरलेला कोड लावतो. तिकडं कोणाचा हात मोडला की इकडं अमरावतीत ह्याची बोटं चालतात.

‘हाड तेच, काका, पण कोडचं शेवटचं अक्षर खेपेवर. इलाज चालू असला तर ए. मंग पेशंट परत दाखवाले आला अन् हाड नीट जुळून राहिलं, तर डी. वाकडं जुळलं, तर पी.’

मी चौथी शिकलेला माणूस. म्हटलं, ‘हाड बसवलं, विषय संपला. परत कायले जा लागते?’

‘सारं काही दुसऱ्या खेपेतच हाये, काका.’

हे त्याचं पालुपद. ऑटोवाल्यानं ब्रेक दुरुस्त केला, की ‘मिस्त्रीले परत दाखवला का?’ कोणाच्या लेकीच्या लग्नाचा पेढा तोंडात असतानाच, ‘सासरी तिले पाहाले कधी जाता?’ लोक त्याला पाहून रस्ता बदलत.

माझ्याकडे तो दर रविवारी यायचा. बोटं हलवायला लावायचा, सूज पाहायचा. डॉक्टरची पुढची तारीख त्यानंच माझ्या कॅलेंडरवर लाल पेनानं गोल केली होती. त्या दिवशी गाडी काढून दारात हजर.

मी आदल्याच दिवशी प्लास्टर बादलीत भिजवून कात्रीनं कापून टाकलं होतं. त्याचं तोंड उतरलं.

‘काका, आता तरी चला. हाडाचा फोटो काढू.’

‘मी काय तुया अमेरिकेचा पेशंट हाय काय? नाही येत, जा!’ एवढ्यावर थांबलो असतो तर बरं. पण मी पुढं बोललो, ‘घरी कोणी नाही, म्हणून दुसऱ्याच्या हाडात जीव घालतं!’

तो गाडी वळवून गेला. रविवार येत राहिले, तो आला नाही. हात वाकडा जुळला. भाकर मोडता येईना, पण त्याला हाक मारायला माझी जीभ वळेना.

चार महिन्यांनी एका संध्याकाळी फाटकापाशी गाठ पडली. त्यानं मनगट पाहिलं. हळूच म्हणाला, ‘पी.’

‘परत काहून नाही आला रे?’ मीच उलटा गुरकावलो.

‘तुमी खरंच बोलले होते, काका. अम्मी गेली तवा सारी गल्ली आली. सगळ्यात पहिले तुमी. मंग मी कितीक दिवस दूध जास्त घेत होतो. कोणी येईन, चहा ठेवता येईन.’

‘मंग?’

‘नासून जाये.’

आमच्या दोन घरांत एकच भिंत. त्याची अम्मी जाऊन दोन वर्षं झाली होती. मी त्या एका दिवसानंतर त्याच्या घरात पाय ठेवला नव्हता.

दुसऱ्या दिवशी सकाळी आंघोळ केली. वाकड्या हातानं सदऱ्याच्या गुंड्या लावल्या, वेळ लागला. जाऊन त्याची कडी वाजवली.

‘काका? काय झालं?’

‘काही नाही झालं. तुया अम्मीसाठी आलो. दुसरी खेप.’

त्यानं खुर्चीवरचे कागद उचलले, मला बसवलं, आणि दूध आहे का पाहायला आत गेला.