रशीदमामांची झोपलेली कार्डं

केडगाव स्टेशनाजवळच्या रशीदमामांच्या मोबाईल दुकानात 'मेमरी कार्ड बिघडलं' असं म्हणायची सोय नव्हती. "बिघाडलं न्हाई, झोपलंय," मामा म्हणायचे. "झोपल्याल्याला हळू उठवायचं." मग शाळेतल्या खोडरबरानं कार्डाचे पिवळे दात असे अलगद घासत, की बघणाऱ्यालाच डुलकी यावी.

त्यात गाडी आली की टेबल थरथरायचं आणि रीडरमधलं कार्ड सुटायचं. "गाडी जाऊंद्या" हे मामांचं पालुपद. एक गेली की दुसरीची वेळ. बाहेर ऊन, कुठल्याशा गुऱ्हाळाचा गोड वास, आणि बाकावर आम्ही पेंगत बसलेलो.

मी मास्तर, त्यात तापट. पुतणीच्या साखरपुड्याचे फोटो अडकले होते. "मामा, फोनच विचारतोय ना, फॉरमॅट करू का? टाका करून एकदाचं!"

मामांनी चष्म्यावरून पाहिलं. "गुरुजी, चोर घरात शिरून इचारतोय, समदं नेऊ का? आन् तुमी म्हणताय, ने बाबा!"

फोटो निघाले. वर "नवरदेव हसत का न्हाई?" हेही मामांनी विचारून घेतलं.

गल्ल्याजवळ काडेपेटीत, कापसात एक कार्ड असे. दुकान उघडलं की रोज पहिला मान त्याचा. ते कधीच उठत नसे. "कुणाचं हो?" मी एकदा विचारलं.

"हिचा आवाज हाय त्यात." मामींना जाऊन वर्ष झालं होतं. नव्या फोनवर त्यांनी आवाज टेप करायचं बटण दाबलं आणि फोन लागला समजून बोलत बसल्या. "तवा मी लई हसलो, गुरुजी," मामा म्हणाले, आणि उगाच खोडरबर शोधू लागले.

पुढं एका दुपारी मी सहज टेकलो होतो. सकाळी गाड्यांनी उसंत दिली नव्हती, म्हणून मामांनी ते कार्ड तेव्हा लावलं. आणि ते उठलं!

"अजी, जेवने कू आते क्या नै? भाकरी थंडी हुई."

"आधी कॉपी करा!" मी ओरडलो.

"गप बसा. ती बोलतीया."

पुढं नुसती खरखर. मामी उत्तराची वाट बघत होत्या. तेवढ्यात मालगाडी आली, टेबल हलायला लागलं. मामांनी दोन्ही हातांनी ते दाबून धरलं. मीही धावलो, दुसऱ्या बाजूनं सगळा भार टाकला.

"बोलते कैकू नै?" मामींनी विचारलं.

"आया," मामा म्हणाले. "आयाच, गे."