किशनरावांची नूरवाडी

गुलमंडीच्या बाजारातल्या कापड दुकानात कुणी साडी दाखवा म्हटलं, की किशनराव ती गादीवर पसरत नसत. खांद्यावर टाकून सरळ रस्त्यावर निघत. मागं गिऱ्हाईक, त्याच्या मागं मालकाची हाक, "किशनराव, साडी चालली कुठं?" किशनराव रिक्षांच्या हॉर्नमध्ये उभे राहून पदर उन्हात धरत आणि म्हणत, "आता बघा. आतला उजेड झोपेतला होता. हा जागा हाय."

ट्यूबलाइट म्हणजे झोपलेला उजेड आणि ऊन म्हणजे जागा उजेड, ही त्यांच्या तत्त्वज्ञानाची पहिली पायरी. पुढच्या सगळ्या पायऱ्या मला घरबसल्या मिळाल्या, कारण आम्ही एकाच गल्लीत समोरासमोर राहायचो.

त्यांच्या सांगण्याप्रमाणं नूरवाडी नावाचा एक मुलूख आहे. "पाचोडच्या पुढं का काका?" असं मी एकदा थट्टेनं विचारलं. "पुढं नाय, आत," ते म्हणाले आणि छातीवर हात ठेवला. तिथली माणसं विचार करत नाहीत. विचार उजेडच करतो. माणूस म्हणजे नुसतं कापड. त्यातून उजेड आरपार जातो, तेवढंच आपलं जागेपण. वीण विरळ असली की माणूस शहाणा. घट्ट असली की उजेड आत अडकतो, आणि त्या माणसाला वाटतं, आपण लई हुशार!

त्यामुळं गल्लीतल्या प्रत्येकाचं कापड त्यांनी ठरवून टाकलं होतं. कोपऱ्यावरची सुईण मलमल. दुकानाचा मालक ताडपत्री. मी शेंद्र्याच्या कारखान्यातून वैतागून घरी येणारी, म्हणून सतरंजी. "वाईट वाटून घेऊ नको पोरी," त्यांनी समजूत घातली, "सतरंजी टिकते."

सकाळी दार उघडलं की ते आधी अंग चोरून बाजूला होत. ऊन घरात शिरू देत आणि मग स्वतः बाहेर येत. टपरीवर पोरं विचारायची, "चचा, नूरवाडी की बस कब है?" किशनराव गंभीरपणे सांगत, "तिथं जायला निघावं लागत नाय." पोरं हसायची, चहा संपवायची आणि उठून जायची. किशनराव मोकळ्या बाकाकडं बघून पुढचं वाक्य पुरं करायचे. लग्न त्यांनी केलं नव्हतं. घरात रेडिओसुद्धा नव्हता.

त्याच सुमाराला माझी आई माझ्याकडं आली. गावाकडं एकटी राहायची. काचबिंदूनं नजर हळूहळू गेली आणि ती कुणाला बोललीच नाही. आम्हाला कळलं तेव्हा उशीर झाला होता. गेलेली नजर परत येणार नाही, असं डॉक्टरांनी सांगितलं. जन्मभर रानात राबलेली ती बाई माझ्या घरात भिंतीकडं तोंड करून बसायला लागली. जेवणाचं ताट तसंच राहायचं. जरा ओट्यावर बस म्हटलं तर म्हणायची, "काय बघायचंय मला तिथं?" एकदा म्हणाली, "लेकीच्या दारात गाठोडं होऊन पडले बघ."

एका रविवारी किशनराव तिला भेटायला आले. आता हे या बाईला उजेडाचं सांगणार! "काका, आज नको," असं मी म्हणेपर्यंत ते तिच्यासमोर बसलेसुद्धा.

"आक्का, नूरवाडीत कुणालाच डोळे नसतात."

मी पाण्याचा तांब्या घेऊन तशीच उभी राहिले.

"डोळे म्हणजे खिडक्या. तिथं भिंतीच नायत, मग खिडक्या कशाला?"

आई भिंतीकडं तोंड ठेवूनच म्हणाली, "मग भाकर भाजली का कच्ची हाय, ते कसं कळतं तिथं?"

"उद्या सांगतो," म्हणून किशनराव उठले.

दुसऱ्या दिवशी दुकान सुटल्यावर ते थेट आमच्याकडं आले. "उजेडाला वास असतो, आक्का. वासावरून कळतं."

"वास येस्तोवर भाकर करपती, भाऊ."

ते विचार करत परत गेले. पुन्हा आले. "मग आवाजावरून?"

"भाकरीला कसला आलाय आवाज?"

असं रोजच सुरू झालं. हळूहळू आई संध्याकाळी दाराकडं तोंड करून बसायला लागली. "आला नाय का गं तो येडा?" असं मलाच विचारायची. शेवटी एक दिवस तिचा धीर सुटला. "तुमच्या त्या वाडीत बायामाणसं नायत वाटतं! अहो, हाताला कळतं ते. उठव गं मला. दाखवते यांना."

मी तिला धरून गॅसपाशी उभं केलं. पीठ तिनं स्वतः मळलं. पहिली भाकरी तव्याबाहेर लोंबली. दुसरी करपली. तिसरी टम्म फुगली. तिच्यावर तळहात धरून आई म्हणाली, "ही घ्या. वाफ सांगती."

किशनरावांनी करपलेली मागून घेतली आणि ठेच्याबरोबर सगळी खाल्ली. "आक्का, हे नूरवाडीत घ्यावं लागंल," ते म्हणाले, आणि आई हसली. त्या दिवशी ती पोटभर जेवली.

त्यांना सोडायला मी दारापर्यंत गेले. चपला घातल्या तरी त्यांचा पाय निघेना.

"इतकी वर्षं सांगतोय मी. लोक ऐकतात, हसतात, जातात. तिथं भाकर कशी भाजतात, असं कुणी विचारलंच नव्हतं." मग गल्लीकडं बघत हळूच म्हणाले, "खरं सांगू पोरी? आजवर तिथं मी एकटाच राहत होतो."

तेवढ्यात आतून आईचा आवाज आला, "भाऊ, गेलात का? तिथं पाणी जवळ हाय, का लांबून डोक्यावर आणावं लागतं?"

किशनराव गडबडले. "पाणी... पाण्याचं बघावं लागंल, आक्का," म्हणत त्यांनी घाईघाईनं चपला काढल्या आणि पुन्हा आत गेले.